मोठ्या सरांचं कॅरी ऑन

दूध तापवलं की साय धरते, तशी शाळेत नोकरी केली की किस्से धरतात. आपल्याला काही करावं लागत न्हाई. माझ्याकडं तर ते इतके साचलेत की घरी पाहुणे आले की माझी मुलगी दारातच सांगून टाकते, "आईला शाळेचं काही विचारू नका, जेवायला उशीर होईल!"

तुम्ही विचारलंय. आता भोगा!

शाळा पिंपळगाव रेणुकाईच्या अलीकडं. गावाचं नाव सांगत न्हाई, कारण त्या गावचे लोक अजून जालन्याच्या बाजारात भेटतात आणि "बाई, आमच्यावर काय काय बोलल्या म्हने!" म्हणून भर रस्त्यात अडवतात. सत्तरनंतरच्या वर्षांतली गोष्ट. तेव्हा जालना जिल्हा झाला नव्हता, आम्ही औरंगाबादेत मोडत होतो. मी नवीन जालन्याची. वडील रेल्वेत गँगमन. आम्ही बौद्ध, आणि आमच्या अख्ख्या भावकीत मॅट्रिक झालेली पहिली मुलगी मी. मला नोकरी लागली तेव्हा वडिलांनी स्टेशनवर हमालांपासून स्टेशनमास्तरपर्यंत सगळ्यांना पेढे वाटले. मी मराठी शिकवायचे. गाव मला खरात बाई म्हणायचं.

आमचे हेडमास्तर नाईक सर. पोरं त्यांना मोठे सर म्हणायची, म्हणून आम्हीही मोठे सर म्हणायचो, आणि रागात असले की ते स्वतःही स्वतःला मोठे सर म्हणायचे. "मोठे सर हे खपवून घेणार न्हाईत!" उंची मात्र बेताचीच! निजामाच्या काळात हैद्राबादला शिकलेले. तिथल्या स्काउटच्या कॅम्पात ते एक रीत शिकले, ती त्यांनी आधी जांब समर्थकडच्या शाळेत रुजवली, आणि बदली झाल्यावर ट्रंकेसोबत आमच्याकडं घेऊन आले.

रीत अशी. मोठे सर वर्गात आले की मॉनिटरनं ओरडायचं, "क्लास, स्टॅण्ड!" सगळा वर्ग ताठ उभा. हात बाजूला, नजर समोर फळ्यावर. शिकवणाऱ्यानंही तोंड बंद करून उभं राहायचं. मोठे सर एक चक्कर मारणार, खिडकी पाहणार, नकाशा पाहणार, एखाद्याचं तुटलेलं बटण पाहणार, आणि मंग म्हणणार, "कॅरी ऑन!" ते म्हणल्याशिवाय कुणी बसायचं न्हाई, हलायचं न्हाई, शिंकायचं बी न्हाई.

एवढं ध्यानात ठेवा. बाकी सगळं यातूनच निघालंय.

*

माझा पहिला दिवस. कविता शिकवून राह्यले होते. मोठे सर आले, वर्ग उभा राह्यला. मला रीत कुणी सांगितलीच नव्हती. मी आपली आमच्या घरच्या वळणानं खुर्ची पदरानं पुसली आणि म्हणलं, "बसा ना, सर."

वर्गात कुणीतरी हुंदका दिल्यासारखा आवाज काढला. मोठ्या सरांना त्यांच्या अख्ख्या नोकरीत वर्गात कुणी 'बसा' म्हणलं नव्हतं! ते क्षणभर माझ्याकडं पाहत राह्यले. मंग बसले. मला म्हणाले, "चालू द्या, बाई. मला बी कविता आवडते."

मी कविता चालू केली. मोठे सर डोळे मिटून ऐकत होते. मी चाल लावून म्हणलं, अर्थ सांगितला, कठीण शब्द सांगितले. पोरं उभी. मला वाटलं, काय गुणी पोरं आहेत! कवितेचा किती मान!

तास संपला, घंटा झाली. पोरं उभीच. एक लहानगं पोरगं भिंतीला टेकून उभ्या उभ्या झोपलं होतं. मोठ्या सरांनी डोळे उघडले, इकडं तिकडं पाह्यलं आणि कपाळावर हात मारला. "अरे देवा! कॅरी ऑन, कॅरी ऑन!"

त्या दिवसापासून माझ्या वर्गात मोठे सर आले की पोरं माझ्याकडं डोळे वटारून पाहायची. बाई, खुर्ची पुसू नका!

*

मोठे सर इंग्रजी शिकवायचे. आमच्या दोन वर्गांत नुसती पत्र्याची भिंत, त्यामुळं त्यांचा तास मलाही व्हायचा. एकदा आठवीला सांगून राह्यले होते, "कॅरी म्हणजे उचलून नेणं. बराबर? आता त्याला मागून ऑन जोडलं की काय झालं? ओझं तेच, पण थांबायचं न्हाई! करा वाक्यात उपयोग."

एक पोरगं उठलं. "माय बफेलो कॅरी ऑन इन वॉटर."

"म्हणजे काय रे?"

"म्हैस पाण्यात बसली, सर. उठंच ना."

"बिलकुल बराबर!"

दुसरं म्हणालं, "माय ग्रॅण्डफादर कॅरी ऑन."

"काय करतात आजोबा?"

"खोकतात!"

मंग विमल उठली. ही विमल रंगनाथरावांची. वर्गाची मॉनिटर, दोन घट्ट वेण्या, आवाज असा की 'क्लास, स्टॅण्ड' म्हणली की शेजारच्या वर्गातली पोरंसुद्धा उठायची. ती म्हणाली, "माय फादर से स्टॉप. माय सर से कॅरी ऑन."

वाक्य काही शुद्ध नव्हतं. पत्र्यापलीकडून फळ्यावर खडू टेकल्याचा आवाज आला, आणि मंग खडू परत ठेवल्याचा. मोठ्या सरांनी ते वाक्य तसंच राहू दिलं.

*

आता विमलचं सांगते, न्हाईतर पुढचं कळायचं न्हाई.

रंगनाथराव म्हणजे गावातले बरे शेतकरी. स्वतः आमच्याच शाळेत, मोठ्या सरांच्याच हाताखाली सातवीपर्यंत शिकलेले. माणूस वाईट न्हाई हो. पोरीवर जीव होता. पाऊस लागला की सायकलवर पोत्याची खोळ घालून तिला शाळेत आणून सोडायचे. पण दरसाल उन्हाळा आला की त्यांच्या अंगात यायचं. "बस झालं आता. पोरगी लई शिकली मंग तेवढा शिकलेला नवरा म्या कुठून आणू?"

विमलला मॅट्रिक व्हायचं होतं. अकरावीची मॅट्रिक जाऊन दहावीची बोर्डाची परीक्षा आली होती, पण गाव तिला मॅट्रिकच म्हणायचं. मॅट्रिक, मंग जालन्याला जाऊन मास्तरणीचा कोर्स. एकदा मला हळूच म्हणाली, "बाई, तुमच्या वडिलांनी तुम्हाला कसं काय जाऊ दिलं?" माझे वडील स्वतः मला शाळेच्या दारात सोडून उलटं पाहत पाहत ड्यूटीवर जायचे, हे त्या पोरीला सांगितलं तर तिला बरं वाटेल का वाईट, तेच समजंना.

तर दरसाल उन्हाळ्यात मोठे सर छत्री घेऊन रंगनाथरावांच्या ओसरीवर जायचे. रंगनाथराव त्यांना पाहून ताठ उभे. मोठे सर म्हणायचे, "रंगनाथ, पोरीला एक साल कॅरी ऑन." रंगनाथराव म्हणायचे, "जी सर." संपलं! चहा बी व्हायचा न्हाई. असं आठवीला झालं, नववीला झालं, दहावीला झालं.

मी एकदा विचारलं, "सर, सरळ मॅट्रिकपर्यंतचं एकदाच कबूल करून का घेत न्हाई?"

म्हणाले, "बाई, लांबचं ओझं एकदम दाखवलं तर बैल जागचा हलत न्हाई."

*

गावात लग्न होतं. मांडवात पहिली पंगत बसलेली. बायकांची पंगत नंतर, म्हणून आम्ही बाजूला उभ्या राहून पाहत होतो. वरण-भात झाला, बुंदी वाढून झाली, आणि मोठे सर उशिरानं मांडवात आले.

आता त्या पंगतीत बसलेली निम्मी माणसं त्यांच्या हाताखालून गेलेली! कुणी ओरडलं ते माहीत न्हाई, पण ओरडलं, "क्लास, स्टॅण्ड!"

सगळी पंगत उठून उभी! हात बुंदीचे, तोंडं भरलेली. आमचे रंगनाथराव एक गाल फुगवून, नजर समोर, मांडवाच्या खांबासारखे ताठ.

आणि मुलीच्या बापाचा चेहरा पडला. कारण आमच्याकडं रिवाज असा की पंगतीतून उठलं म्हणजे जेवण संपलं. उठलेलं माणूस त्या पानावर परत बसत न्हाई. वाढप्यांनी पत्रावळी उचलायला सुरुवात बी केली!

मोठे सर घाबरून म्हणाले, "अरे, कॅरी ऑन! कॅरी ऑन!"

बसावं का न बसावं? एक म्हातारे काठी आपटत म्हणाले, "आता कसं बसतील? उठल्यात ना!"

तेव्हा आमचे शिपाई गफूरभाई पुढं झाले. आचाऱ्याच्या मदतीला आले होते, खांद्यावर पंचा. म्हणाले, "बाबा, मोठ्या सरांनी कॅरी ऑन म्हणलं म्हंजे मधल्या वक्ताला उठलेच न्हाईत असं धरायचं!"

"हे कोन्त्या शास्त्रात लिवलंय?"

"शाळंच्या!"

म्हाताऱ्यांनी थोडा विचार केला आणि स्वतःच आधी खाली बसले. बुंदी त्यांच्याही पानावर होतीच की! पंगत बसली. पुढच्या लग्नापासून गावानं नवी रीत पाडली. मोठ्या सरांना सगळ्यांच्या आधी पाटावर बसवायचं, बाकीच्यांनी मागाहून.

*

आमचे बोराडे सर पी.टी. शिकवायचे. अंगानं गोल, आणि चहाचे मोठे भक्त. सकाळी मैदानावर पोरांना लेफ्ट-राइट चालू करून द्यायचं, "कॅरी ऑन!" म्हणायचं आणि नाक्यावरच्या हॉटेलात जायचं, हा त्यांचा रोजचा शिरस्ता. पोरं मैदानात गोल गोल फिरत राहायची.

एकदा काय झालं, मैदानाच्या कोपऱ्यात कुणाची तरी बैलगाडी सोडलेली. वळायला जागा न्हाई. पुढचा पोरगा वळला न्हाई, सरळ गेला. सर 'थांब' म्हणले नव्हते, 'कॅरी ऑन' म्हणले होते! रांग फाटकातून बाहेर. लेफ्ट-राइट, लेफ्ट-राइट. मागून एस.टी. आली, ड्रायव्हरनं हॉर्न दिला, रांग हटंना. बिचारा गाडी पहिल्या गिअरमध्ये रांगवत मागं मागं आला.

बोराडे सर चहा पिऊन आले तर मैदान रिकामं! त्यांना घाम फुटला. सायकल घेऊन निघाले, तर पोरं पिंपळगावात रेणुकाईच्या देवळाच्या पायरीशी उभी. तिथं पुढं रस्ताच न्हाई म्हणून जागच्या जागी लेफ्ट-राइट चालू. पुजाऱ्यानं सगळ्यांच्या हातावर खोबरं ठेवलेलं. खोबरं खात खात लेफ्ट-राइट!

मोठ्या सरांना कळलं. आम्हाला वाटलं, आता बोराडे सरांचं काही खरं न्हाई. मोठ्या सरांनी सगळं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "रांग मोडली होती का?"

"न्हाई सर."

"मंग मला प्रसाद कुठंय?"

*

एकदा औरंगाबादेहून तपासणीला साहेब आले. सफारी, गॉगल, तोंडात इंग्रजी. माझ्याच वर्गात आले. विमल ओरडली, वर्ग उभा राह्यला. मोठे सर मागं होते, व्हरांड्यात कुणाशी तरी बोलत राह्यलेले.

साहेब म्हणाले, "सिट डाऊन."

कुणी हललं न्हाई.

"सिट डाऊन, प्लीज!"

पोरं भिंतीसारखी उभी. साहेब मराठीवर आले. "बसा." मंग जरा मोठ्यानं, "बसा म्हणतो ना!" मी आपली खुणा करून राह्यले. पण मी बी उभीच, हात बाजूला, खुणा करणार तरी कशानं? भुवयांनी!

मोठे सर आत आले. साहेब लालबुंद. "हेडमास्तर, या मुलांना साधं सिट डाऊन समजत नाही?"

"समजतं की, साहेब," मोठे सर शांतपणे म्हणाले. "दुसऱ्याचं ऐकत न्हाईत, एवढंच." आणि वर्गाकडं वळून, "कॅरी ऑन."

धाडकन वर्ग बसला. साहेबांनी एकदा वर्गाकडं पाह्यलं, एकदा मोठ्या सरांकडं. तपासणी पार पडली. दुपारी ऑफिसात जेवणाची पानं मांडली, आम्ही म्हणलं, "बसा साहेब." साहेब उभेच! हसत म्हणाले, "हेडमास्तरांनी म्हणू द्या, मग बसतो."

*

सगळं गाव ज्या माणसापुढं उभं राहायचं, तो माणूस घरी कसा असेल याची मला भारी उत्सुकता. एकदा काकूंनी, म्हणजे मोठ्या सरांच्या बायकोनं, मला पापड लाटायला बोलावलं.

आत मोठे सर तापलेले. चष्मा सापडत नव्हता. "या घरात वस्तू जागेवर राहत न्हाईत! शिस्त न्हाई! मोठे सर हे खपवून घेणार न्हाईत!" बराच वेळ चाललं होतं. काकू लाटणं खाली ठेवून, हात मांडीवर घेऊन, अगदी विद्यार्थिनीसारख्या ऐकत होत्या. मोठे सर दम घ्यायला थांबले.

काकू म्हणाल्या, "झालं? चष्मा डोक्यावर आहे. कॅरी ऑन."

मोठे सर आत गेले. मी हसू दाबता दाबता माझा पापड फाटला. काकू म्हणाल्या, "हस गं पोरी मोकळी. मी बी रोज हसते, ते आत गेल्यावर."

*

गफूरभाईंची बायको गेली तेव्हाचं मात्र हसण्यासारखं न्हाई. पण सांगितल्याशिवाय राहवत न्हाई.

माणूस डोळ्यांतून टिपूस न काढता हिंडत होता. मातीला सगळं गाव गेलं. जो तो पाठीवर हात ठेवायचा, "गफूरभाई, सबर करा." ते मान हलवायचे. काही दिवसांनी शाळेत आले. प्रार्थनेची वेळ झाली. हातोडी हातात घेऊन घंटेखाली उभे, हात वर जाईना. पोरं मैदानावर जमलेली, सगळी त्यांच्याकडं पाहत होती.

मोठे सर ऑफिसातून आले. त्यांच्या शेजारी उभे राह्यले. आम्हाला वाटलं, दोन शब्द बोलतील. शेवटी अगदी हळू म्हणाले, "गफूर... कॅरी ऑन."

गफूरभाईंनी टोला मारला. एक मारला, दुसरा मारला, आणि मारता मारता लहान लेकरासारखे रडले. त्या दिवशी घंटा लई वेळ वाजली. कुणी थांबवली न्हाई.

दुपारी मला म्हणाले, "सब लोगां सबर करो बोले, बाई. एक मोठे सरच घंटा मार बोले."

*

आता शेवटचा. हा मी कुणालाही सांगते तेव्हा शेवटीच सांगते.

विमल दहावीला. परीक्षा महिन्यावर आलेली. सकाळी शाळेत आली ती डोळे सुजवूनच. "बाई, आज जांबचे पाव्हणे येऊन राह्यले. कुंकू लावून जाणार. लगीन याच महिन्यात. आबा म्हनले, आता शाळा बंद."

मी तशीच ऑफिसात गेले. "सर, आज विमलला नेणार."

मोठे सर कागद वाचत होते. "हं."

"नुसतं हं काय, सर? पोरगी हातची चालली!" माझा आवाज चढला. मला लई राग आला होता.

"तासावर जा, बाई," एवढंच म्हणाले.

चौथा तास माझा. वर्गाच्या दारात रंगनाथराव येऊन उभे राह्यले. डोक्यावर नवी टोपी. चपला बाहेर काढल्या, आत आले. "बाई, विमीला नेतो. पाव्हणे येऊन बसल्यात."

"परीक्षा महिन्यावर आलीय, रंगनाथराव."

"परीक्षा काय पळून चालली का, बाई? पुढच्या साली बी हाय. स्थळ मातर पळतं!" बोलले जोरात, पण माझ्याकडं पाहत नव्हते. "चल विमे. उचल दप्तर."

विमलनं पुस्तकं दप्तरात भरायला घेतली. सगळा वर्ग खाली मान घालून बसलेला. आणि दारात मोठे सर आले.

विमलचा हात दप्तरातच होता. तिनं तो बाहेर काढला, उभी राह्यली आणि चिरक्या आवाजात ओरडली, "क्लास, स्टॅण्ड!"

वर्ग उभा राह्यला. मी उभी होतेच. आणि रंगनाथराव! टाचा जुळल्या, हात बाजूला, नजर समोर फळ्यावर. अंगात मुरलेली गोष्ट ती, त्यांना कळायच्या आतच झाली.

मोठ्या सरांनी चक्कर मारली. खिडकी पाह्यली. नकाशा पाह्यला. एकाचं बटण पाह्यलं. आता म्हणतील, आता म्हणतील... न्हाई म्हणले. सरळ माझ्या खुर्चीवर येऊन बसले. मी पुसली बी नव्हती! टेबलावरचं माझं पुस्तक उघडलं आणि कविता वाचत बसले.

कुणी हलंना. मागच्या बाकावर एकाला शिंक आली, त्यानं ती नाक दाबून मारली. तास संपायची वेळ झाली. खिडकीतून मला गफूरभाई दिसत होते, हातोडी घेऊन घंटेकडं चाललेले. जाता जाता त्यांनी वर्गात डोकावलं, सगळं पाह्यलं आणि हातोडी हळूच खाली ठेवली. त्या दिवशी आमच्या शाळेत चौथा तास संपलाच न्हाई.

बाहेर जीपचा हॉर्न वाजला. थोड्या वेळानं व्हरांड्यात पावलं वाजली आणि नवऱ्या मुलाचे वडील दारात आले. मोठा फेटा, तोंडात पान. "आवो रंगनाथराव, किती वेळ? मुहूर्त चालला..." एवढं म्हणून त्यांची नजर खुर्चीकडं गेली. आणि काय सांगू तुम्हाला, ते बी ताठ! हात बाजूला!

मोठ्या सरांनी पुस्तकातून डोकं वर काढलं. "कोण रे? जांबच्या शाळेतला भगवान का?"

"जी... जी सर."

"वर्गात पान?"

भगवानरावांनी पान गिळलं.

मोठे सर परत कविता वाचायला लागले. विमल पहिल्या बाकाशी उभी, नजर फळ्यावर. तिच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं, हनुवटीवरून वहीवर पडत होतं. हात बाजूलाच. रंगनाथरावांची नजर फळ्यावरून हळूहळू ढळली, पोरीकडं गेली.

"विमे," ते कुजबुजले, "डोळे पूस गं."

"हलता येत न्हाई, आबा. सर अजून म्हनले न्हाईत."

रंगनाथरावांनी नजर खुर्चीकडं नेली. "सर," ते म्हणाले, "म्हना की."

"काय म्हणू?"

"तेच. नेहमीचं. पाव्हणे खोळंबल्यात."

मोठ्या सरांनी पुस्तक मिटलं. "रंगनाथ, मी दरसाल तुझ्या ओसरीवर येऊन म्हणत आलो. आता थकलो. यंदा तू म्हण. त्या पाव्हण्यांना म्हण, न्हाईतर या पोरीला म्हण. तू ज्याला म्हणशील त्याचं पुढं चालू. मोठे सर मधे बोलणार न्हाईत."

रंगनाथरावांनी दाराकडं पाह्यलं. फेटा, ओठांवर पानाचा लाल रंग, बाहेर जीप. मंग पोरीकडं पाह्यलं. ती फळ्याकडंच पाहत होती, आणि तिच्या वहीवरची शाई पाण्यानं पसरत चालली होती. मी मनात म्हणत होते, बोला हो, बोला, माझ्या वडिलांसारखं बोला!

त्यांनी डोक्यावरची नवी टोपी काढून हातात घेतली.

"विमे," ते म्हणाले, "कॅरी ऑन."

वर्गानं मोठ्या सरांकडं पाह्यलं. मोठे सर खिडकीबाहेर पाहत होते. मंग विमलनं हातानं डोळे पुसले, खाली बसली आणि दप्तरातली पुस्तकं एक एक करून परत बाकावर ठेवली. तिच्यामागं सगळा वर्ग बसला.

मोठे सर मात्र खुर्चीतून उठले. रंगनाथरावांच्या समोर येऊन उभे राह्यले. टाचा जुळवून, हात बाजूला, नजर समोर.

रंगनाथराव गोंधळले. "सर, हे काय? तुमी कामून उभे..."

मोठे सर बोलंनात, हलंनात. शेवटी रंगनाथराव टोपी छातीशी धरून हळूच म्हणाले, "सर... तुमी बी."